पातेलं कुणी जाळलं

लॉर्ड अपेंडिक्स हे नाव शेवटी माझ्या आजीला मिळालं. रीतसर, साक्षीदारांसमोर, हॅट उलटी करून.

आता हे वाक्य तुम्ही वाचलंच नाही असं समजा, कारण आमच्या घरात ते घडलेलं नाही. त्या रविवारी बेलमाँटच्या आमच्या अंगणात जे होते त्यांना विचारलंत तर ते सांगतील, प्रार्थना झाली, पेलाव खाल्ला, घरी गेलो. तेव्हा मीही प्रार्थनेपासून सुरुवात करतो आणि नाव कुणालाच मिळालेलं नाही असं धरून चालतो.

माणूस गेला की चाळीस दिवस त्याचा आत्मा घरातच घुटमळतो आणि मग प्रार्थना करून त्याला निरोप द्यायचा असतो. आजोबांच्या बाबतीत हे अवघड होतं. जिवंत असतानाही ते कुठल्या कार्यक्रमातून वेळेवर निघाल्याचं कुणाला आठवत नाही. पाद्रीबुवांनी आटोपतं घेतलं, आजीने आंब्याखाली पेलावचा, म्हणजे कोंबडी घातलेल्या भाताचा, टोप आणून ठेवला, आजोबांची खुर्ची तिच्या नेहमीच्या जागी मांडली आणि खुर्चीवर त्यांची करडी हॅट ठेवली. हॅट ठेवल्याबरोबर मामा आणि आई दोघंही तिच्याकडे बघायला लागले. खाणं राहिलं बाजूला.

हॅटचा प्रश्न नव्हता. प्रश्न नावाचा होता.

आजोबांचं चर्चमधलं नाव कथबर्ट क्वामिना. पण त्या नावाने त्यांना फक्त वीजकंपनी ओळखायची. तरुणपणी पोटाचं ऑपरेशन झालं तेव्हा टाके ओले असताना ते हॉस्पिटलातून थेट कॅलिप्सोच्या, म्हणजे टोमणे मारणाऱ्या गाण्यांच्या, तंबूत गेले आणि पोटावर हात धरून गायले की आतलं जे बिनकामाचं होतं ते डॉक्टरांनी काढून घेतलं, जीभ तेवढी राहिली. त्या रात्रीपासून ते लॉर्ड अपेंडिक्स. पुढे ट्रिनिदादमध्ये लोक पोट दुखलं तरी आधी त्यांचं गाणं म्हणायचे आणि मग डॉक्टरकडे जायचे.

हे नाव आता रिकामं होतं. आणि तंबूचे मालक मिस्टर ब्वासेल प्रार्थनेला आले होते ते काही प्रार्थनेसाठी नव्हे. तंबूला तंबू म्हणतात कारण एके काळी तो तंबू होता. आता तो बस कामगारांच्या युनियनचा हॉल आहे आणि त्याला सिमेंटचं छत आहे, तरी पाऊस सुरू झाला की ब्वासेल सवयीने वर बघतात. त्यांनी पेलावची दुसरी ताटली घेत सांगितलं की कार्निव्हलचा हंगाम तोंडावर आलाय, जुन्या गाण्यांच्या रात्रीची पोस्टरं उद्या छापायला जाणार आहेत, आणि पोस्टरवर अपेंडिक्स नसला तर तिकिटं खपणार नाहीत.

"घरातलं कुणी असेल तर उत्तम," ते म्हणाले. "नसेल तर सान फर्नांडोचे एक दातांचे डॉक्टर तयार आहेत. त्यांनी झगासुद्धा शिवून घेतलाय. पाठीवर आतड्यांचं भरतकाम आहे."

हे ऐकून आईने चमचा खाली ठेवला. मामाने उचलला. दोघांची रागावायची पद्धत वेगळी आहे.

हॉलिस मामा कस्टममधून निवृत्त झाला, पण त्याच्या बोलण्यातून कस्टम निवृत्त झालेलं नाही. त्याचं म्हणणं असं की नाव ही मालमत्ता आहे आणि ती थोरल्या मुलाकडे जाते. मामा आयुष्यात कधी गायलेला नाही. तरी त्याला हे नाव का हवं होतं ते मला ठाऊक आहे, कारण मामा गाडी चालवताना एकटाच बोलतो आणि मागच्या सीटवर झोपेचं सोंग मी फार चांगलं करतो. लहानपणी आजोबांनी त्याला एकदा तंबूत नेलं होतं आणि भर स्टेजवरून त्याच्या ढगळ चड्डीवर जागच्या जागी चार ओळी रचल्या होत्या. सगळा तंबू हसला. मामा तेव्हापासून उत्तर शोधतोय. अजून तो "चड्डी"च्या पुढे सरकलेला नाही.

आईची गोष्ट वेगळी. लिस्ट्रा क्वामिना शाळेत भूगोल शिकवते आणि चर्चमध्ये पहिल्या ओळीत गाते. तिला तंबूत उभं राहायचं होतं. आजोबा म्हणायचे, "आवाज देवाचा आणि जीभ माझी. दोन्ही एका बाईत आली तर मी काय भाजी विकू?" ती स्तुती होती की बंदी, यावर आई भांडी घासताना अजून स्वतःशी वाद घालते.

थोडक्यात, आमच्या घरात प्रत्येकाच्या पोटात आजोबांना द्यायचं एक उत्तर अडकलेलं आहे. ऑपरेशन फक्त आजोबांचं झालं.

राहिली आजी. तिच्या पोटात काय आहे ते कुणालाच माहीत नव्हतं, आणि माझी सगळी उत्सुकता तिथेच होती.

आजोबांचं सगळ्यात गाजलेलं गाणं आजीवर होतं. ती भात ठेवते, भात जळतो, पातेलं जळतं, आगीचा बंब येतो, असं ते गाणं. ते इतकं चाललं की आजी मार्केटला गेली की मासेवाली विचारायची, "इग्नेशिया, आज बंबवाल्यांना सुट्टी का?" मॅक्सी टॅक्सीत अनोळखी माणसं तिला बघून खिडकी उघडायची. ती कधी एक शब्द बोलली नाही. ते पातेलं तिने टाकूनही दिलं नाही. कुंपणाशी टांगून त्यात शॅडो बेनीची, म्हणजे आमच्याकडच्या रानटी कोथिंबिरीची, रोपं लावली, आणि चटणीला लागली की तिथूनच खुडायची. मी लहान असताना विचारायचो, आजी, खरंच तू जाळलंस? ती म्हणायची, आजोबांना विचार. आजोबांना विचारलं की ते गायला लागायचे. यातून माणसाला माहिती मिळत नाही.

मामा आणि आई नावावरून भांडायला लागले तेव्हा माइटी बॅरोमीटर काका, चर्चमधलं नाव फिलमोर, पुढे झाला. हा आजोबांचा जन्माचा मित्र आणि स्टेजवरचा जन्माचा वैरी. चालताना दोन काठ्या लागतात, भांडताना एकही लागत नाही. त्याने सांगितलं की नाव म्हणजे घर नव्हे, भिंत घालून वाटता येत नाही. नाव जिंकायचं असतं. त्याने स्वतःचं नावही अरिमाच्या एका गायकाला तोंडावर हरवून घेतलं होतं; तो गायक पुढे टोबॅगोला गेला आणि बिननावाचा मेला.

"नियम सगळ्यांना ठाऊक आहेत," तो म्हणाला. "विषय हॅटमधून. चार ओळी, तिथल्या तिथे रचलेल्या. ज्याला टोला बसला त्याने उत्तर द्यायचं. उत्तर आलं नाही की तो हरला. मग तो कुणी का असेना."

शेवटचं वाक्य तो सहज बोलून गेला. त्याचा पुढे केवढा त्रास होणार होता हे त्याला तेव्हा कळलं असतं तर त्याने तोंडात पेलाव भरला असता.

सगळ्यांनी चिठ्ठ्यांवर विषय लिहून हॅटमध्ये टाकले. मी जरा जास्तच टाकल्या आणि सगळ्यांवर एकच शब्द लिहिला. बॅरोमीटरने रिकामी रमची बाटली गुडघ्यांत धरली आणि तिच्यावर चमच्याने ठेका सुरू केला.

पहिली चिठ्ठी मामाने काढली. ती माझी नव्हती. विषय निघाला पाण्याची टाकी. मामा उभा राहिला, शर्टाची बटणं तपासली आणि गायला लागला. गायला हा शब्द मी नात्याखातर वापरतोय.

"टाकी ही छतावर बसवली जाते,
खालच्या नळाला पाणी येते,
टाकी ही वस्तू उपयोगी फार,
तपशील पुढीलप्रमाणे चार—"

आणि थांबला. ओळी संपल्या होत्या आणि तपशील एकही नव्हता. लोकांनी तरीही शेवटचं पालुपद म्हटलं, "सां युमानिते", म्हणजे दयामाया न दाखवता, जे प्रत्येक कडव्यानंतर म्हणावंच लागतं. त्या दिवशी त्याचा अर्थ पहिल्यांदाच लागू पडला.

आईने ठेका चुकू दिला नाही.

"दादाची टाकी, केवढा तिचा थाट,
बादली घेऊन मी पाहतेय वाट,
नळ पिळून बघता एवढंच उमजलं,
पाणी नव्हतंच, डोकं मात्र गंजलं."

पालुपद या वेळी कुंपणापलीकडूनही आलं. मामा उत्तरासाठी तोंड उघडून उभा राहिला. ठेका पुढे गेला, तोंड उघडंच राहिलं. शेवटी तो बसला आणि आश्चर्य म्हणजे त्याला बरं वाटत होतं. हे त्याने नंतर गाडीत स्टिअरिंगला सांगितलं: हरलो तर हरलो, पण घरात हरलो, दातवाल्यापुढे नाही. त्या क्षणापासून मामा आईच्या बाजूचा झाला. ब्वासेलना त्याने बजावलं, "पोस्टरवर माझ्या बहिणीचं नाव लिहा. स्पेलिंग मी तपासून देईन."

पण जिंकणाऱ्याने आणखी एक विषय घ्यायचा असतो. आईने हॅटमध्ये हात घातला. या वेळी माझं गणित बरोबर आलं.

"पातेलं," तिने वाचलं आणि हसली. मग तिला वाटलं, आजच्या दिवशी नवं काय रचायचं, आजोबांचंच म्हणावं. मान म्हणून. तिने ते सुरू केलं आणि सगळं अंगण, शेजारपाजार, रस्त्यावरून जाणारा सोरेलचं सरबत विकणारा, सगळे तिच्यामागून म्हणायला लागले, कारण ते गाणं इथे प्रत्येकाला झोपेतही येतं:

"इग्नेशियाने भात चुलीवर चढवला,
धुराने अख्खा बेलमाँट रडवला,
बंबवाला विचारी, आग कुठं, बाई?
ती म्हणे, भात तो, शिजला नाही."

सां युमानिते म्हणून लोक हसले, नेहमीच्या जागी हसतात तसे. आजी टोपाशी उभी होती. तिने डाव खाली ठेवला, हात एप्रनला पुसले, आणि म्हणाली, "टोला मला बसलाय. उत्तर माझं."

आई गडबडली. "अगं, मी तर फक्त बाबांचं—"

"तुला नाही गं," आजी म्हणाली. "त्याला."

आणि ती आजोबांच्या खुर्चीसमोर जाऊन उभी राहिली. बॅरोमीटरचा ठेका किंचित अडखळला. आजीने त्याच्याकडे नुसतं बघितलं, तर तो सरळ झाला. मग ती गायली. माझ्या जन्मात मी तिला गाताना ऐकलेलं नव्हतं. आवाज बारीक होता आणि सुरात होता, आणि तिला एकही शब्द शोधावा लागला नाही.

"बाळंतखाटेवर मी, पोर होती कुशीत,
दोन गवई घरी माझ्या, आपल्याच खुशीत,
हार कुणी मानेना, भात गेला जळून,
नाव माझं लावलंस, सांग मागे वळून."

पालुपद कुणीच म्हटलं नाही. मग एकेक जण हिशेब करायला लागला. कुशीतली पोर म्हणजे माझी आई. म्हणजे आजी त्या दिवशी हॉस्पिटलात होती, घरात नव्हतीच. आणि दोन गवयांपैकी एक खुर्चीवर हॅटच्या रूपाने होता, दुसरा बाटली धरून बसला होता.

"काका," आई म्हणाली. तिचा वर्गातला आवाज होता.

बॅरोमीटर ही हकिगत त्यानंतर पुष्कळांना सांगत आलाय आणि दर वेळी वेगळी सांगतो. पण त्या दिवशीची मी ऐकली ती अशी. हॉलिसला भूक लागली म्हणून कथबर्टने भात टाकला होता. भात रटरटायला लागला त्या आवाजाचा ठेका बरा होता म्हणून बॅरोमीटरने एक कडवं टाकलं. कथबर्टने उत्तर दिलं. मग याने. मग त्याने. वास यायला लागला तेव्हा दोघांनाही वास आला. पण चुलीपाशी जायला जो उठेल त्याची बारी चुकणार, म्हणजे तो हरणार. कुणी उठलं नाही. धूर एवढा झाला की एकमेकांची तोंडं दिसेनात, तरी आवाजावरून चालू होतं. शेवटी शेजारीण बादली घेऊन आली आणि तिने दोघांवरही पाणी ओतलं.

"बंब?" मामाने विचारलं.

"बंब यमकासाठी नंतर आला."

"आणि मी काय खाल्लं?"

"शेजारणीकडे," बॅरोमीटर म्हणाला. "तू छान जेवलास."

मामाला इतक्या वर्षांनी ही माहिती मिळाली आणि तिचं काय करावं हे त्याला समजेना.

आईचा प्रश्न वेगळा होता. गाण्यात आजीला का घातलं?

बॅरोमीटरने चमचा बाजूला ठेवला. "आधी त्याने खरं होतं तसंच रचलं होतं. नवऱ्याने भात जाळला. तंबूत गाऊन बघितलं. लोक हसले नाहीत. विचारायला लागले, बायको कुठे गेली होती? दुसऱ्या रात्री त्याने बायकोने जाळला असं म्हटलं. छत उडालं. तेव्हा छत कापडाचं होतं."

आजी हे सगळं ऐकतच नव्हती. ती खुर्चीकडे बघत उभी होती. तिने विचारलं, "ठेका का थांबवलास, फिलमोर?"

तेव्हा आमच्या ध्यानात आलं की कडवं झालंय आणि आता उत्तराची बारी आहे. ज्याला टोला बसला त्याने द्यायचं. बॅरोमीटरने चमचा उचलला आणि बाटलीवर ठेका धरला, हळू, आजोबांना आवडायचा तसा. आम्ही सगळे खुर्चीकडे बघत बसलो. मला माहीत आहे की मेलेली माणसं गात नाहीत. पण चाळिसावा दिवस होता, आणि तो माणूस कधीही उत्तराशिवाय राहिलेला नव्हता, आणि खरं सांगायचं तर मला फार ऐकायचं होतं तो काय म्हणेल. मिस्टर ब्वासेलनी तर सवयीने वर बघितलं.

आंब्याचं एक पान हॅटवर पडलं. ते उत्तर धरायचं का यावर थोडी कुजबुज झाली. बॅरोमीटरने नकारार्थी मान हलवली. पानाला यमक नव्हतं.

त्याने ठेका थांबवला, काठ्या टेकत खुर्चीपाशी गेला आणि हॅट उलटी केली. उरलेल्या चिठ्ठ्या मातीत पडल्या. जवळजवळ सगळ्यांवर पातेलं, पातेलं लिहिलेलं होतं, आणि आईने माझ्याकडे अशा नजरेने बघितलं की त्याबद्दल मी स्वतंत्र प्रकरण लिहीन.

"अपेंडिक्स हरला," बॅरोमीटर म्हणाला. "नाव इग्नेशियाचं."

ब्वासेलनी पेन काढलं. लोक टाळ्या वाजवायला लागले. आईसुद्धा वाजवत होती, आणि तिला हे नाव किती हवं होतं ते मला माहीत आहे. आजीने हॅट घेतली, झटकली आणि पुन्हा खुर्चीवर ठेवली.

"नको मला नाव," ती म्हणाली.

"वहिनी, नियम आहे," बॅरोमीटर म्हणाला.

"नियम उत्तराचाही आहे." ती खुर्चीसमोरच्या ओट्यावर बसली. "हे कडवं मी हॉस्पिटलातून आले त्याच आठवड्यात रचलं होतं. मग म्हटलं नाही. म्हटलं असतं तर त्याने ताटावरून मानही वर न करता उत्तर दिलं असतं, आणि ते माझ्यापेक्षा चांगलं असतं. मला ठाऊक होतं ना. म्हणून मी त्याच्या गाफील दिवसाची वाट बघत राहिले. भांडी घासताना, रांगेत, चर्चमध्ये. तो काय म्हणेल, काय म्हणेल. हे लिस्ट्राला मिळालं तसलं जिंकणं नाही, तिच्यासमोर हॉलिस उभा तरी होता. तो गप्प बसलाय म्हणून मी जिंकले, हे मला नको. मला त्याचं उत्तर ऐकायचंय."

ब्वासेल खाकरले आणि फार नाजूकपणे म्हणाले की तसं असेल तर मग दातांचे डॉक्टर—

आणि इथे हॉलिस मामा उठला. त्याच्या चेहऱ्यावर मी कधी न पाहिलेलं तेज होतं, कारण आयुष्यात पहिल्यांदा गाण्याच्या एका गोष्टीत त्याचा विषय निघाला होता. त्याने शांतपणे समजावून सांगितलं की हरकत घेतली गेली आहे. हरकतीवर निर्णय होईपर्यंत माल धक्क्यावरून हलवता येत नाही, मग तो माल खोके असोत की नाव असो. निकाल स्थगित. पोस्टरवर कुणाचंही नाव छापू नये. ती जागा कोरी ठेवावी. डॉक्टरांनी झगा कपाटात ठेवावा.

"आणि हा निर्णय कोण करणार?" ब्वासेलनी विचारलं.

"अर्ज करावा लागेल," मामा म्हणाला.

आजी त्याच्याकडे वळली आणि म्हणाली, "लिहून दे, बाळा."

मामाने जेवणाच्या टेबलाशी बसून लिहायला घेतलं. आईने शेजारी बसून त्याची वाक्यं लहान केली. ती दोघं एका बाकावर बसलेली मी पहिल्यांदाच पाहिली. बॅरोमीटरने साक्षीदार म्हणून सही केली. आजी मध्येच उठली, कुंपणाशी गेली, पातेलं खाली उतरवलं, शॅडो बेनीची रोपं वाफ्यात लावली आणि पातेलं घासायला बसली. मी विचारलं, कशाला? ती म्हणाली, लागेल.

अर्ज दुसऱ्या दिवशी सकाळी मी स्वतः नेऊन दिला. नक्कल खाली जोडतो.

*

प्रति,
माननीय अधीक्षक,
दफनभूमी विभाग.

विषय: कै. कथबर्ट क्वामिना ऊर्फ लॉर्ड अपेंडिक्स यांना उत्तरादाखल एक कडवं म्हणण्यापुरतं बाहेर सोडण्याबाबत.

महोदय,

वरील व्यक्ती सध्या आपल्या ताब्यात आहे. त्यांच्या पत्नी श्रीमती इग्नेशिया क्वामिना (अर्जदार) यांनी दिनांक गेल्या रविवारी त्यांना साक्षीदारांसमक्ष टोला दिला असून त्याचं उत्तर प्रलंबित आहे. उत्तराअभावी लागलेला निकाल अर्जदारास मान्य नाही.

कायमस्वरूपी सुटकेची मागणी नाही. फक्त चार ओळींची सवलत हवी आहे. बाटली, चमचा व हॅट आम्ही आणू. संबंधितास परत आणून पोचवण्याची हमी निम्नस्वाक्षरीकार घेतो. तथापि ते कुठल्याही कार्यक्रमातून वेळेवर निघत नाहीत, याची आगाऊ नोंद घ्यावी.

अर्जदाराने त्याच पातेल्यात भात चुलीवर ठेवलेला असल्यामुळे आदेश त्वरित व्हावेत, ही विनंती.